स्केगन: वाळूने घेरलेले गाव आणि विलीन झालेली नगरपालिका

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: डेन्मार्कच्या उत्तर टोकावरच्या स्केगन या किनारी गावाची नगरपालिका १९७० साली झाली आणि २००६ संपताना बरखास्त झाली, असे संदर्भकोशात वाचायला मिळते. मग अवघ्या ३६ वर्षांत इतिहास तो काय घडला असेल? आणि गाव इतके नावाजलेले असताना नगरपालिका का टिकली नाही?

मी डेन्मार्कमध्ये नगरनियोजनाच्या कामात बरीच वर्षे काढली. २००५-०६ मध्ये विलीनीकरणाची जी मोठी लाट आली, तिच्यात एका दुसऱ्या नगरपालिकेचे जुने आराखडे नव्या कचेरीकडे सोपवण्याचे काम माझ्याकडे होते. त्यामुळे या विषयाकडे मी कागदाच्या बाजूने बघतो. पण स्केगनपुरते सांगायचे तर कागदाआधी वाळू समजून घ्यावी लागते. तिथली हद्द, वस्ती, गरिबी आणि नंतरची सुबत्ता, सगळ्याचे मूळ तिथे आहे.

आधी एक शब्द स्पष्ट करतो. डेन्मार्कमधल्या ‘कोम्यून’ला आपण नगरपालिका म्हणतो खरे, पण तिच्यात शहर, आसपासची खेडी, शेते, माळरान सगळेच येते. शाळा, पाळणाघरे, वृद्धांची देखभाल, वाचनालय, पाणी, गावरस्ते हे सारे तीच बघते आणि उत्पन्नावरचा करही तीच लावते. आपल्याकडची नगरपालिका आणि पंचायत समिती एकत्र केली आणि तिला भरघोस अधिकार दिले, तर जे तयार होईल ते साधारण कोम्यूनसारखे असेल.

१९७० पूर्वी मात्र तिकडेही कसबा आणि मौजे असा फरक होता. ज्या गावाला राजाने व्यापाराची सनद दिली तो कसबा, म्हणजे डॅनिश भाषेत ‘क्योबस्टाड’. बाकी सगळी पॅरिश, म्हणजे एका चर्चच्या हद्दीतली खेडी. स्केगनला ही सनद १४१३ साली पोमेरेनियाच्या एरिक राजाने दिली. कसब्यांच्या स्वराज्य कारभाराचा कायदा १८३७ चा, खेड्यांच्या पॅरिश पंचायतीचा १८४१ चा. १९०८ च्या कायद्याने स्त्रियांना स्थानिक निवडणुकीत मत मिळाले. कसब्याचा महापौर १९१९ पर्यंत राजा नेमत असे, त्यानंतर तो गावच्या प्रतिनिधींतून निवडला जाऊ लागला. म्हणजे १९७० साली जे जन्माला आले ते नवे गाव नव्हते. साडेपाचशे वर्षे जुना एक कसबा आणि त्याच्या दक्षिणेची रोबियर्ग नावाची पॅरिश यांची ती एकत्र मोट होती.

आता वाळूकडे येतो.

नकाशावर जटलंड द्वीपकल्पाचे वरचे टोक बघा. बोटासारखी एक निमुळती पट्टी ईशान्येला वळलेली दिसेल. तिच्या पश्चिमेला स्कागेराक समुद्र, पूर्वेला कातेगात समुद्र. ही जमीन समुद्रानेच आणून टाकलेल्या वाळूची आणि गोट्यांची आहे. पश्चिम किनाऱ्यावरून उचललेला गाळ लाटा उत्तरेकडे ढकलत नेतात आणि टोकाशी टाकतात. त्या टोकाला ग्रेनेन म्हणतात, तिथे दोन समुद्रांच्या लाटा समोरासमोर येऊन आदळताना दिसतात. गावाच्या पायाखालची जमीन मुळातच वाऱ्याच्या आणि पाण्याच्या मर्जीवरची.

सोळाव्या शतकात स्केगन मासळीच्या जोरावर भरभराटीला आलेले गाव होते. मग वाळू चालू लागली. याला नुसता निसर्ग कारणीभूत नव्हता. थंडी आणि वादळे वाढलेला तो काळ होताच, पण माणसानेही झाडे तोडली, गुरे अमाप चारली, जळणासाठी माळावरचे झुडूप आणि गवताची ढेपळे कापून नेली. कोकणात पुळणीवरची मर्यादवेल उपटली की वाळू मोकळी होते, हे किनाऱ्यावर वाढलेल्याला सांगायला नको. तिथे हेच काम वाळूत खोल मुळे सोडणारे एक ताठ, राठ गवत करते. ते उपटायला तिसऱ्या क्रिस्तियान राजाने १५३९ सालीच बंदी घातली होती. पण ज्याच्या घरात चूल पेटवायला दुसरे काही नाही, तो दूरच्या राजाचा हुकूम किती पाळणार? बंदी कागदावर राहिली आणि वाळू शेतांवर चढत गेली.

तुम्हाला स्केगनचा इतिहास एका ठिकाणी उभे राहून बघायचा असेल तर गावाच्या दक्षिणेला असलेल्या संत लॉरेन्सच्या चर्चपाशी जा. चौदाव्या शतकातली ही वास्तू, त्या मुलखातल्या मोठ्या चर्चपैकी एक. अठराव्या शतकात तिच्याभोवती वाळूचे ढिगारे असे साचले की प्रार्थनेला येणाऱ्यांना आधी फावड्याने दार मोकळे करावे लागे. गावाने हे वर्षानुवर्षे केले. शेवटी १७९५ साली राजाज्ञेने चर्च बंद झाले. पुढे मुख्य भाग पाडला, मनोरा तेवढा ठेवला, कारण तो समुद्रावरून दिसत असे आणि खलाश्यांना दिशा दाखवायला उपयोगी होता. आज तो पांढरा मनोरा झुडपांच्या टेकाडांत एकटा उभा आहे. गावातले नवे चर्च १८४१ चे, म्हणजे मधली जवळजवळ पन्नास वर्षे गावाला धड स्वतःचे मोठे चर्चही नव्हते. गाव किती खचले होते याचा अंदाज यावरून बांधता येतो.

चर्च बंद होण्याच्या तीन वर्षे आधी, १७९२ मध्ये, वाळू रोखण्याचा सविस्तर वटहुकूम निघाला होता. त्यात गवत लावण्याची, राखण्याची व्यवस्था होती आणि स्थानिक लोकांना या कामावर येणे भाग होते. १८६७ मध्ये नवा कायदा आला आणि एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस वाळूच्या टेकड्यांवर पाइनची लागवड मोठ्या प्रमाणावर झाली. आज स्केगनला जाताना रस्त्याच्या दुतर्फा जे रान लागते ते कुणाला जुने जंगल वाटेल, पण ते हाताने लावलेले आहे. कित्येक पिढ्यांनी पाठ वाकवून रोप रोप लावले म्हणून आजचे गाव जागेवर आहे. मला विचाराल तर स्थानिक कारभाराची खरी सुरुवात इथे शोधावी, सनदेत नव्हे. सनद एकट्या राजाने दिली. वाळू धरायला मात्र कसबा आणि खेडी, दोन्हीकडची माणसे लागली.

रोबियर्ग पॅरिशमध्ये एक वाळूची टेकडी मुद्दाम मोकळी सोडली आहे. तिचे नाव रोबियर्ग मिले. सुमारे एक चौरस किलोमीटर पसरलेली, समुद्रसपाटीपासून ४० मीटरच्या आसपास उंच, आणि दरवर्षी सरासरी १५ मीटर ईशान्येकडे सरकणारी. पश्चिम किनाऱ्यावर जन्मलेली ही टेकडी द्वीपकल्प आडवे पार करते आहे, मागे ओलसर सपाट पट्टा सोडत. सरकारने १९०० साली ती जागा विकत घेतली, इतरत्र सगळीकडे वाळू बांधली जात असताना निदान एके ठिकाणी ती कशी वागते हे पुढच्यांना बघता यावे म्हणून. हा निर्णय मला फार शहाणपणाचा वाटतो. आता तिच्या वाटेत स्केगनला जाणारा रस्ता आणि रेल्वे येणार आहे. अजून शतकभराहून जास्त अवधी असावा, पण तो प्रश्न नियोजनाच्या चर्चेत आत्ताच आहे.

समुद्राची बाजूही तेवढीच कठीण. उत्तर समुद्रातून बाल्टिककडे जाणाऱ्या प्रत्येक जहाजाला या टोकाला वळसा घालावाच लागे, आणि टोकापुढची पाण्याखालची वाळू जहाजे गिळत असे. १५६० मध्ये दुसऱ्या फ्रेडरिक राजाने इथे दिवा ठेवण्याचा हुकूम केला. १६२७ मध्ये ‘व्हिपेफ्यूर’ आला: विहिरीतले पाणी उपसायच्या ओकतीच्या दांड्यासारखा एक लांब लाकडी दांडा, त्याच्या टोकाला लोखंडी टोपली, तिच्यात कोळसा पेटवायचा आणि दांडा वर उचलायचा. १९५८ मध्ये केलेली त्याची प्रतिकृती आजही उभी आहे. १७४७ चे पांढरे दीपगृह विटांचे, १८५८ चे करडे दीपगृह ४६ मीटर उंच. तिन्ही बघताना चालत गेलात तर एका दुपारी होते.

आपल्या दृष्टीने एक धागा इथे जुळतो. कोपनहेगनहून हिंदुस्थानाकडे निघालेली डॅनिश जहाजे याच टोकाला वळसा घालून बाहेर पडत. १६२० पासून तरंगमवाडीला, म्हणजे ट्रँकेबारला, डॅनिश लोकांची वखार होती. ती जागा तंजावरच्या राज्यातली. सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात तंजावर व्यंकोजीराजे भोसल्यांकडे आले, तेव्हापासून डॅनिश वखारीचा वार्षिक खंड मराठी दरबारात जमा होऊ लागला. १८४५ मध्ये त्यांनी ती वसाहत इंग्रजांना विकून टाकली. म्हणजे तंजावरच्या मोडी दफ्तरात ज्यांच्याशी व्यवहार झाले, त्यांच्या जहाजांना घरून निघताना उघड्या समुद्राआधी दिसणारा डॅनिश मुख्य भूमीचा शेवटचा दिवा बहुधा स्केगनचाच असायचा.

गाव स्वतः मात्र गरीब होते. बंदर नव्हते. होड्या वाळूवर ओढून ठेवायच्या आणि किनाऱ्यावरून जाळे ओढायचे, अगदी आपल्या मालवणच्या रापणीसारखे. वस्तीही विखुरलेली: पूर्ववाडी, पश्चिमवाडी आणि पश्चिम किनाऱ्यावरचे हॉयेन, ज्याला आता जुने स्केगन म्हणतात. दक्षिणेच्या फ्रेडरिक्सहाउन शहराहून यायला बांधलेला रस्ता नव्हता. प्रवासी गाडी किनाऱ्याच्या ओल्या वाळूवरून हाकत. १८५९ च्या ऑगस्टमध्ये परीकथा लिहिणारा हान्स क्रिस्तियान अँडरसन असाच आला आणि ब्रॉन्डुम यांच्या खाणावळीत उतरला. त्याच मुक्कामाच्या सुमारास त्या घरात मुलगी जन्मली, ती पुढे प्रख्यात चित्रकार झालेली ॲना अँकर.

१८५२ पासून या किनाऱ्यावर बुडत्या जहाजांवरच्या माणसांना वाचवणारी सरकारी व्यवस्था उभी राहिली. २७ डिसेंबर १८६२ चा दिवस स्केगन विसरलेले नाही. डाफ्ने नावाचे स्वीडिश जहाज वाळूवर चढले. त्याच्या मदतीला गेलेली बचावनौका उलटली आणि गावचे आठ जण गेले. त्यानंतरही लार्स क्रूस नावाचा गावचा कोळी आणि त्याचे सोबती पुन्हा पाण्यात उतरले आणि त्यांनी जहाजावरच्या माणसांना किनाऱ्यावर आणले. लहानशा गावातून एका दिवसात आठ कर्ते पुरुष जाणे म्हणजे किती घरांची चूल थंडावणे, हे किनाऱ्यावरच्या माणसाला कळेल. लार्स क्रूसही १८९४ मध्ये समुद्रातच गेला.

स्केगनला येऊन राहिलेल्या चित्रकारांबद्दल तुम्हाला इतरत्र भरपूर मिळेल, म्हणून आवरते घेतो. १८७४ मध्ये मिखाएल अँकर आला, १८८० मध्ये त्याचे ॲनाशी लग्न झाले, १८८२ मध्ये पेडर सेवेरिन क्रॉयर आला. दोन समुद्रांमधला तो स्वच्छ प्रकाश आणि कष्टकरी कोळी हे त्यांचे विषय. १९०८ मध्ये ब्रॉन्डुम हॉटेलच्या जेवणघरात स्केगन संग्रहालयाची स्थापना झाली. कारभाराच्या दृष्टीने महत्त्वाचे एवढेच की ज्या झोपड्यांकडे पूर्वी कोणी ढुंकून पाहत नव्हते, त्या पिवळ्या चुन्याच्या भिंती आणि पांढऱ्या कडांची लाल कौले जपण्याजोगी आहेत, ही समज या मंडळींमुळे रुजली. पुढे नगरपालिकेचे आराखडे याच समजुतीवर उभे राहिले.

दोन गोष्टींनी गाव बदलले. २४ जुलै १८९० रोजी फ्रेडरिक्सहाउनहून रेल्वे आली, सुरुवातीला मीटर गेज, १९२४ मध्ये रुंद झाली. आणि २० नोव्हेंबर १९०७ रोजी बंदर सुरू झाले. बंदरावरची लाल मासळीची गोदामे टोरवाल बिंडेसबॉल या वास्तुकाराची, आजही वापरात आहेत. रेल्वे आली म्हणून ताजी मासळी बाहेर जाऊ लागली, बंदर झाले म्हणून मोठ्या बोटी ठेवता येऊ लागल्या. होडी ओढून ठेवणारे गाव डेन्मार्कचे सर्वांत मोठे मासेमारी बंदर झाले ते यातून. पण माझ्या मते रेल्वेचा दुसरा परिणाम जास्त खोल आहे. ती ओल्बेक आणि हुल्सिग या रोबियर्ग पॅरिशमधल्या गावांतून जाते. पूर्वी कसबा आणि पॅरिश यांच्यामध्ये वाळू होती, आता रूळ आले. १९७० मध्ये ज्या दोघांची मोट बांधली ती आधीच त्या रुळांनी अर्धी बांधलेली होती.

१ एप्रिल १९७० च्या सुधारणेने डेन्मार्कमधली हजारभर कोम्यून २७५ च्या आसपास आणली आणि कसबा-मौजे हा भेद कायद्यातून काढून टाकला. स्केगन कसबा आणि रोबियर्ग पॅरिश मिळून १४३ चौरस किलोमीटरची स्केगन कोम्यून झाली. जुना ह्यॉरिंग जिल्हा जाऊन उत्तर जटलंड जिल्हा आला. पहिली काही वर्षे मासळीच्या कारखान्यांना बरकत होती. १९७३ मध्ये देश युरोपीय समुदायात गेला, १९८३ पासून मासेमारीचे कोटे ठरू लागले. पुढे २००३ मध्ये हेरिंगचे आणि २००७ मध्ये इतर बऱ्याच मासळीचे कोटे विकता-घेता येतील असे झाले. बंदरात उतरणारी मासळी प्रचंड राहिली, पण ती आणणाऱ्या बोटी आणि हात कमी झाले. तरुण शिक्षणासाठी बाहेर गेले ते परत येईनात, उन्हाळ्यात गाव फुगे आणि हिवाळ्यात खिडक्या काळोख्या राहत. शेवटच्या काळात कोम्यूनची लोकसंख्या साधारण ११,५०० होती.

हाच आकडा तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आहे. २००४ मध्ये सरकारने ठरवले की कोम्यूनमध्ये किमान २०,००० माणसे हवीत, शक्यतो ३०,०००. जिल्हे जाऊन पाच प्रदेश आले, त्यामुळे जास्तीची कामे कोम्यूनवर पडणार होती आणि लहान कचेऱ्यांना ती झेपणार नाहीत हा युक्तिवाद होता. तो पूर्ण चुकीचा नव्हता. अपंग मुलाच्या सोयीसाठी किंवा पर्यावरणाच्या तपासणीसाठी लागणारा जाणकार माणूस छोट्या गावाला ठेवता येत नाही, हे मी जवळून पाहिले आहे. नोव्हेंबर २००५ मध्ये नव्या परिषदांच्या निवडणुका झाल्या, २००६ चे वर्ष तयारीत गेले, आणि १ जानेवारी २००७ पासून स्केगन, फ्रेडरिक्सहाउन आणि सेबी मिळून नवी फ्रेडरिक्सहाउन कोम्यून झाली. देशात ९८ कोम्यून उरल्या.

यातली बोचणारी गोष्ट अशी की समोरच्या लेसो बेटाची लोकसंख्या जेमतेम दोन हजारांच्या घरात, तरी त्याची कोम्यून राहिली. बेट असल्यामुळे मोठ्या शेजाऱ्याशी सहकार्याचा करार करून स्वतंत्र राहण्याची वाट त्याला मोकळी होती. स्केगन तीन बाजूंनी पाण्यात आहे, पण चौथ्या बाजूला जमीन आहे. माझे मत विचाराल तर विलीनीकरण अटळ होते. पण ४० किलोमीटरवरच्या कचेरीत बसून त्या टोकावरची वाळू आणि घरे कशी वागतात हे समजत नाही. ती माहिती स्केगनच्या जुन्या कर्मचाऱ्यांच्या डोक्यात होती. हस्तांतराच्या कामात मी स्वतः अनुभवले आहे की कपाटातला कागद जातो, पण त्या कागदावर तसे का लिहिले हे सांगणारा माणूस निवृत्त होऊन घरी जातो.

पुढे खोलात जायचे असेल तर ‘स्केगन कोम्यून’ या नावाने शोधून फार थोडे हाती लागेल. १९७० आधीचे कागद दोन वेगळ्या घरांचे आहेत, कसब्याचे आणि रोबियर्ग पॅरिशचे, आणि ते तसेच वेगळे शोधावे लागतात. उत्तर जटलंडची जुनी दफ्तरे विबोर्ग शहरातल्या अभिलेखागारात जमा होत आली. एखाद्या घराण्याचा माग काढायचा तर चर्चच्या जन्म-मृत्यू नोंदवह्या घ्या: १८१४ पासून त्या दोन प्रतींत ठेवत आणि दोन्ही प्रती रात्री एका छपराखाली राहू नयेत असा नियम होता, म्हणून त्या आगीतून वाचल्या. त्याच्या जोडीला १७८७, १८०१, १८३४ आणि पुढच्या जनगणना आहेत. हे बरेचसे राष्ट्रीय अभिलेखागाराने आंतरजालावर मोफत ठेवले आहे. आडनावांवर मात्र विसंबू नका, एकोणिसाव्या शतकात बराच काळ मुलाला बापाच्या नावावरून आडनाव लागत असे.

आणि १९७० ते २००६ मधले सर्वांत मोलाचे कागद म्हणजे स्थानिक बांधकाम आराखडे. ही पद्धत १९७७ पासून लागू झाली. कोम्यून बरखास्त झाली तरी तिने मंजूर केलेला आराखडा नवा येईपर्यंत कायद्याने बंधनकारक राहतो. म्हणून आज एखाद्या गल्लीत घरमालकाला भिंतीचा रंग किंवा छपराची कौले बदलायची असतील, तर परवानगी फ्रेडरिक्सहाउनकडे मागावी लागते, आणि तिथला अधिकारी उत्तर देण्याआधी जो आराखडा उघडतो, त्यावर कित्येकदा नाव अजून स्केगन कोम्यूनचेच असते.